बिवड करील त्याची पहिली मूठ

माझ्यावर सगळ्यांत जास्त उपकार कुणाचे, असं कुणी विचारलं तर मी ताडकळसच्या शिवलिंगअप्पांचं नाव घेतो. ते आमच्या नात्याचे नाहीत, जातीचेही नाहीत. बाजारपेठेत त्यांचं किराणा-भुसाराचं दुकान होतं आणि माझे वडील त्या दुकानात पोती उचलायचे. आमच्या गावची शाळा सातवीला संपायची. पुढे काय, हा प्रश्न आमच्या घरात कधी पडला नाही, कारण पुढे काही असतं हेच ठाऊक नव्हतं. तो प्रश्न अप्पांना पडला.

"किसन, पोरगं काय करायलंय रे तुजं?"

"काय करतंय अप्पा, शेरडामागं हिंडायलंय."

"दुकानावरची खोली हाय. ठिव की इतं. शाळा काय लांब हाय का?"

त्या खोलीत वाळलेल्या मिरच्यांची पोती असायची. आठवी ते बारावी मी शिंकत शिंकत शिकलो. सकाळी खाली अप्पांचं मंत्र म्हणणं सुरू झालं की मी उठायचो. बाजाराच्या दिवशी त्यांच्या घरून पिठलं-भाकरी वर यायची, आणि सोबत निरोप यायचा, "मिरची मागू नका, खोलीत भरपूर हाय."

परभणीला शेतीची पदवी झाली तेव्हा पेढ्यांचा पुडा घेऊन मी थेट दुकानात गेलो. पुडा अप्पांपुढे धरला. त्यांनी हात लावला नाही. वडील तेव्हा खांद्यावरचं पोतं थप्पीला लावत होते. अप्पांनी त्यांना हाक मारली.

"किसन, हात धू अन् हिकडं ये. बिवड करील त्याची पहिली मूठ."

वडिलांनी हात धुतले, धोतराला पुसले आणि संकोचून दोन बोटांनी एक पेढा उचलला. मग अप्पांनी घेतला. मी त्या दिवशी आनंदात होतो, वाक्याकडे माझं फार लक्ष नव्हतं. पुढे सगळी नोकरी शेतातच गेली आणि त्या नोकरीच्या शेवटाशेवटाला एका बाईच्या शेतात ते वाक्य माझ्यापुढे परत येऊन उभं राहिलं. ती हकीकत सांगण्यासाठी हा लेख लिहायला घेतला आहे.

मी कृषी सहायक होतो. ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो. सरकारची शेतीची योजना वरून सुटते आणि गावात पोचते तेव्हा ती ज्याच्या मोटारसायकलवर बसून येते, तो माणूस म्हणजे कृषी सहायक. त्याच्याकडे पाच-सहा गावं असतात. पेरणीआधी गोणपाटात बी गुंडाळून उगवण तपासून दाखवायची, बियाण्याला औषध चोळायला शिकवायचं, शेतीशाळा घ्यायची, गारपीट झाली की पंचनाम्याला जायचं. लोक 'साहेब' म्हणतात, पण सांगितलेलं ऐकतीलच असं नाही. एक गृहस्थ मला रोज मोबाईलवर कपाशीच्या रोगट पानाचा फोटो पाठवायचे आणि प्रत्येक फोटोत निम्मं पान त्यांच्या अंगठ्याखाली झाकलेलं असायचं. शेवटी मी कळवलं, "दादा, अंगठ्याला काही झालेलं नाही, पानाचा पाठवा." दुसऱ्या दिवशी ते पानच घेऊन आले, जेवणाच्या डब्यात घालून, भाकरीवर ठेवून.

असं काम करता करता मला एका शब्दाचा नाद लागला. तो शब्द म्हणजे बिवड. कुणी बेवड म्हणतं.

एखाद्या रानात मूग घेतला आणि नंतर तिथे ज्वारी पेरली, तर ती ज्वारी शेजारच्यापेक्षा काळीशार येते. मूग निघून गेला, पण जाताना जमिनीत काहीतरी ठेवून गेला. ते जे मागे राहिलं, त्याला आमच्याकडे बिवड म्हणतात. आम्हांला पुस्तकात 'पीक फेरपालट' शिकवलं होतं आणि शेतीशाळेत मी बरीच वर्षं तेच म्हणायचो. समोरचे लोक नम्रपणे माना हलवायचे. एकदा सहज 'बिवड' म्हणालो आणि सगळे एकदम बोलायला लागले. मग ज्याला त्याला मी विचारतच सुटलो, बिवड म्हणजे तुमच्या मते काय?

मानवतकडचा एक कापूसवाला म्हणाला, मूग-उडीद निघून लवकर मोकळं झालेलं रान म्हणजे बिवड. त्याच्या मते ती जागा होती. पोखर्णीच्या नरसिंहाच्या देवळात भेटलेले एक म्हातारबाबा म्हणाले, "रान येक साल गप बसून ऱ्हातंय, इसावा घेतंय, त्यो बिवड." शेतीशाळेतल्या एका मावशींनी सांगितलं की बिवड वाईटही असतो. "सूर्यफुलाचा लय वंगाळ. पाव्हणा जेवून जातोय अन् जाताना ताट बी नेतोय." दुसऱ्या एकींनी हा शब्द चक्क सुनेसाठी वापरला. "सून लय गुणाची. माहेरचा बिवड चांगला हाय."

शेतीशाळा म्हटली की एखादा टवाळ असतोच. आमच्या टवाळाने विचारलं, "साहेब, बेवड अन् बेवडा भाऊ-भाऊ हायेत का?"

मी काही बोलायच्या आत मागच्या ओळीतून त्याची बायको म्हणाली, "भाऊ कायचे! बेवड ठिवून जातोय, बेवडा इकून खातोय." त्यानंतर त्या गृहस्थांनी त्या हंगामात प्रश्न विचारला नाही.

शब्द आला कुठून, याचंही असंच. एका मास्तरांचं मत, 'बे' म्हणजे दोन, दुसऱ्या पिकाच्या कामी येतो म्हणून बेवड. एका शेतकऱ्याचं म्हणणं, बी वाढवतो तो बिवड. मला वाटायचं, निजामाच्या राज्यातून आमच्या बोलीत शेकडो शब्द आले, तसा हाही आला असेल. म्हणून मी उर्दू शाळेतल्या निवृत्त खानसाहेबांकडे गेलो. त्यांनी चहा पाजला आणि मान हलवली.

"बे लगा के चीज घटती, मियाँ. बेकार, बेघर, बेइमान. तुम्हारा ये बिवड तो बढ़ाता. ये लफ्ज हमारा नै. ले जाव, तुम्हारा तुमकू मुबारक."

यांतलं खरं कुणाचं, हे मी अजून सांगू शकत नाही. पण एक लक्षात आलं होतं. बिवड म्हणजे जागा, विसावा, ठेवा किंवा घरचं वळण, काहीही म्हणा, तो एकजण करतो आणि त्याचं फळ पुढच्याच्या ताटात पडतं. इथेच खरी अडचण आहे, हे मला रुक्मिणबाईंनी दाखवलं.

रुक्मिणबाई ताडकळसच्या पुढच्या एका लहान गावच्या. नवरा वारलेला, घरात शोभा नावाची एकच मुलगी, शाळेत हुशार. स्वतःची जमीन नाही. परभणीला राहणारे वामनराव गुरुजी यांची त्या गावात चार एकर जमीन आहे, ती त्या बटईने करायच्या. बटई म्हणजे कष्ट आपले, जमीन मालकाची, पीक निम्मं निम्मं. बोली एका गुढीपाडव्यापासून दुसऱ्या पाडव्यापर्यंत. कागद नसतो, तोंडाचा शब्द असतो.

ते रान थकलेलं होतं. वर्षानुवर्षं सोयाबीनवर सोयाबीन. पाऊस पडून उघडला की वरचा थर पापडासारखा कडक व्हायचा आणि कोंब खालीच गुदमरायचे. मी बाईंना म्हणालो, "एक खरीप पीक घेऊ नका. ताग पेरा आणि फुलावर आला की नांगरून गाडून टाका, त्याचंच खत होईल."

"गाडू? अन् खाऊ काय?"

प्रश्न बरोबर होता. उत्तर माझ्याकडे अर्धंच होतं. मी म्हणालो, मागून हरभरा येईल, आणि पुढच्या सालचा कापूस गाव बघायला येईल. गुरुजींनी फोनवर संमती दिली, म्हणजे निम्मं नुकसान त्यांनीही पत्करलं. बाईंनी ताग पेरला. डोक्याइतका वाढला, पिवळ्या फुलांनी भरला, आणि ऐन फुलात त्यांनी तो नांगराखाली घातला. त्या दिवशी गावातले काहीजण बांधावर उभे राहून हसत होते. "रुक्मिणबाय, साहेबाच्या नादी लागून हिरवं रान मातीत घालायलीस व्हय?" तो हंगाम त्यांनी दुसऱ्यांच्या शेतात रोजाने जाऊन काढला.

हरभरा बरा आला. आणि होळीच्या सुमाराला गुरुजींचा मुलगा अनंतराव बऱ्याच वर्षांनी शेत बघायला आला. तो परभणीला कचेरीत नोकरीला. सरळ माणूस, शेतीचा संबंध कमी. त्याच्यासोबत मानवतचा एकजण होता, तो जमिनी मक्त्याने, म्हणजे ठरलेली रोख रक्कम देऊन करायचा. त्याने चालता चालता पायानं माती उकरली, हातात घेतली आणि तिथेच चांगला आकडा बोलला. अनंतरावाने बाईंना सांगितलं की पाडव्यापासून रान दुसऱ्याला द्यायचं आहे.

रुक्मिणबाई दुसऱ्या दिवशी मला वाटेत गाठून उभ्या राहिल्या. रडल्या नाहीत.

"साहेब, ताग तुमच्या सांगन्यावरून गाडला. आता रानातून उठू कुनाच्या सांगन्यावरून?"

कायद्याने अनंतरावाचं चुकत नव्हतं, बोली पाडव्याला संपत होती. आणि आमच्या खात्याचा संबंध पिकाशी, कोण कसतो त्याच्याशी नाही. पण या बाईंचा एक अख्खा हंगाम माझ्या शब्दावर मातीत गेला होता. शोभाची दहावी चालू होती. पुढच्या कापसावर तिचं अकरावीचं शिक्षण ठरलं होतं, असं बाईंनी सगळ्यांना सांगूनही ठेवलं होतं. तो कापूस मानवतच्या माणसाच्या घरी गेला तर त्या गावात यापुढे बटईवाला कुणी ताग पेरणार नव्हता, आणि पेरू नये हेच शहाणपणाचं ठरलं असतं.

सुटीच्या दिवशी मी गुरुजींकडे गेलो. त्यांना सगळं सांगितलं. ऐंशीकडे झुकलेले, पायाने अधू, पण बोलणं अजून वर्गातलं. ते म्हणाले, "ऐकून निकाल देत नसतो मी. मला शेतावर न्या." अनंतरावाने ऑटो केला. तो मनातून वैतागलेला होता, पण वडिलांना उतरवताना त्याने त्यांच्या पायांखाली स्वतःची चप्पल सरकवली, ते मी पाहिलं.

बांधावर आम्ही चौघे होतो. गुरुजी बाभळीखाली खुर्चीवर, बाजूला अनंतराव, जरा लांब पदर घट्ट धरून रुक्मिणबाई, आणि मी. मी कुदळीने शेजारच्या शेतातलं एक ढेकूळ काढलं. तीच काळी जमीन, तोच उतार, मध्ये फक्त बांध. दुसरं ढेकूळ बाईंच्या रानातलं. दोन्ही छातीइतक्या उंचीवरून सोडली. शेजारचं विटेसारखं धप्पकन पडलं आणि तसंच राहिलं. बाईंचं पडलं आणि त्याचा चुरा झाला. आमच्या कामात ही जुनी परीक्षा आहे, यंत्र लागत नाही.

गुरुजींनी तो चुरा मागून घेतला, चोळला, वास घेतला.

अनंतराव म्हणाला, "साहेब, रान चांगलं झालं, मान्य आहे. पण माती आमची आहे ना? मातीत जे आहे तेही आमचंच."

रुक्मिणबाई पहिल्यांदा बोलल्या. "माती तुमची, दादा. मी कवा न्हाई म्हनले? पन बिवड मातीत व्हता का? म्या घातला तवा आला."

"आणि त्याचा हरभरा तुम्ही घेतलातच की."

"हरभरा बी बिवडच व्हय. त्यो घेतेत ते म्होरल्या पिकासाठीच. दूध तापवून साय धरली अन् खायच्या टायमाला भांडं मपल्या हातातून घ्यायलाव तुमी."

अनंतराव माझ्याकडे वळला. "तुम्ही सरकारी माणूस. बिवडाचा हक्क कसणाऱ्याचा, असं कुठं लिहिलेलं आहे? दाखवा, मी आत्ता सोडतो."

"कुठंच लिहिलेलं नाही," मी म्हणालो. खोटं बोलता येत नव्हतं. बाईंनी माझ्याकडे पाहिलं, आणि त्या पाहण्याखाली मला अप्पांच्या दुकानातला पेढ्यांचा पुडा आठवला. मी म्हणालो, "लिहिलेलं नाही, पण म्हणायची एक रीत ऐकली आहे. बिवड करील..."

"...त्याची पहिली मूठ," गुरुजी म्हणाले. त्यांच्याच सुरात रुक्मिणबाईंनीही म्हटलं. मालक आणि बटईवाली, दोघांनाही पाठ होतं. फक्त अनंतरावाला माहीत नव्हतं.

त्याला गुरुजींनी समजावलं. बैलांच्या तिफणीवर बी सोडायचं एक लाकडी भांडं असतं, त्याला चाडं म्हणतात. चाड्यातून मुठीने बी सोडतात. ज्याने मेहनतीने रान तयार केलं, त्याला त्या रानातली पुढची एक पेर करू द्यायची, मग मालकाने रान खुशाल कुणालाही द्यावं. "माझ्या वडिलांच्या वेळी कुणाला हे सांगावं लागत नव्हतं," ते म्हणाले. "तुला मी सांगितलं नाही, कारण आपण शेतावर आलोच नाही."

"पण बाबा, तो माणूस रोख देतोय."

गुरुजींनी हातातली माती मुठीत धरली. "अनंता, तू लहान होतास. एका खेड्यात मी एक वर्ग पहिलीपासून हाताशी धरला होता. स्कॉलरशिपच्या परीक्षेच्या वर्षी माझी बदली झाली. पोरं चमकली. सत्कार नव्या मास्तरांचा झाला. माणूस भला, भाषणात माझं नाव घेतलं त्यांनी. पण मला ती एक परीक्षा हवी होती रे. एकच. माझ्या पोरांची." मग त्यांनी रुक्मिणबाईंकडे बोट केलं. "ह्यांची परीक्षा ह्यांना देऊ दे."

अनंतराव बांधावरून थोडा चालून आला. परत आला तेव्हा त्याचा चेहरा सैल झाला होता.

"एक पेर. नेहमीसारखी निम्म्याने. आणि पुढच्या पाडव्याला मी मोकळा."

"मोकळे," बाई म्हणाल्या. "पन औंदा कापसात मूग लावनार हाय मी पट्ट्यानं. मंग परत बिवड व्हईल. मंग परत पहिली मूठ मपलीच की."

"अहो, मग तुम्ही उठणार कधी?"

"रान चांगलं व्हायलंय तर तुमाला वंगाळ वाटायलंय का, दादा?"

गुरुजी एवढे हसले की मला खुर्ची धरावी लागली. अनंतरावालाही हसू आवरलं नाही. मानवतच्या माणसाला त्याने तिथूनच फोन केला.

थोडी खंतही सांगतो. आता पेरणी ट्रॅक्टरवर होते, चाडं बघायलाही मिळत नाही. आमच्या फॉर्मात 'मागील हंगामातील पीक' असा रकाना असायचा, ते कुणी घेतलं हे विचारणारा रकाना नव्हता. बटईवाल्यांना ताग सुचवताना नोकरीभर माझी जीभ अडखळायची, ती का अडखळते हे मला उशिरा कळलं. आणि माझ्या वडिलांना आयुष्यात बियाची मूठ धरायला रान मिळालं नाही. त्यांना एक पेढा मिळाला. पण तो पहिला होता, आणि तो कुणामुळे मिळाला हे मी विसरलेलो नाही.

रुक्मिणबाईंची पेर झाली त्याच आठवड्यात मी शिवलिंगअप्पांना पत्र लिहिलं. आता त्यांना फोनवर ऐकू येत नाही, नात पत्र वाचून दाखवते. ते पत्र असं होतं:

"तीर्थस्वरूप शिवलिंगअप्पा यांस मारोतीचा साष्टांग नमस्कार.

मी खुशाल आहे. तुमची तब्येत नातीने कळवली, बरं वाटलं.

कालच्या दिवशी तुमच्या तोंडचं एक वाक्य एका रानात खरं झालं. तुम्ही माझ्या पेढ्यांच्या दिवशी वडिलांना हाक मारून म्हणाला होतात तेच. एका बाईने रानाचा बिवड केला होता आणि ते रान तिच्या हातून चाललं होतं. ते राहिलं. मालकांनी पेरायचा ट्रॅक्टर आणला, पण आधी कुठून तरी एक जुनं चाडं मागवलं आणि बाईंना पहिल्या ओळीत स्वतःच्या हाताने एक मूठ बी सोडायला लावलं. ट्रॅक्टरवाला थांबून बघत होता. मला तुमची आठवण झाली.

अप्पा, त्या दिवशी तुम्ही बिवड वडिलांचा म्हणालात. तो होताच. पण दुकानावरच्या खोलीचं तुम्ही कधी बोलला नाहीत आणि मीही कधी बोललो नाही. तो बिवड तुमचा होता. पेढ्याच्या पुड्यात तुमचा हात दुसरा गेला, तो पहिल्याच्या बरोबरीचा होता, हे मला आज लिहावंसं वाटलं.

आता एक मागणं. ह्या बाईंची मुलगी शोभा दहावी चांगल्या मार्कांनी पास झाली. तिला ताडकळसला अकरावीला घालायचं आहे. त्यांच्या गावाहून सकाळची गाडी नाही, संध्याकाळची लवकर निघून जाते. तुमच्या घरात बायामाणसं आहेत, नातही तिच्याच वयाची आहे, म्हणून धीर करून विचारतो. ती खोली मिळेल का?

खोलीत हल्ली काय ठेवता, मला माहीत नाही. मिरच्या असल्या तर असू द्या, पोती हलवू नका. शिंकत शिंकत अभ्यास होईल का, असं मी तिला आधीच विचारलं आहे. ती म्हणाली, 'व्हईल की.'

आपला,
मारोती"